शब्दांच्या वाटेवर : ‘फिगर’ म्हणजे बर्फावरची रेघ

‘फिगर’ हा शब्द मराठी घरांत आता परका राहिलेला नाही. व्यापारी वर्षअखेरीस दुकानाच्या ‘फिगर्स’ पाहतो, तेव्हा त्याला आकडे अभिप्रेत असतात. भूमितीच्या इंग्रजी पुस्तकात ‘फिगर’ या शब्दाखाली त्रिकोण किंवा वर्तुळ काढलेले असते. तेथे अर्थ आकृतीचा. आणि लग्नसमारंभात कोणी ‘फिगर सांभाळण्या’विषयी बोलू लागले, की तो अर्थ सरळ शरीराच्या बांध्यावर येऊन थांबतो. आकडा, आकृती आणि अंगकाठी असे तीन अर्थ मराठी माणूस या एका शब्दातून सहज काढून घेतो. पंचाईत होते ती दर चार वर्षांनी, हिवाळी ऑलिंपिकच्या दिवसांत. दूरचित्रवाणीवर ‘फिगर स्केटिंग’ सुरू होते, चमकदार पोशाखातली एखादी सडपातळ मुलगी बर्फावर गिरक्या घेऊ लागते आणि पाहणारा मनाशी ठरवून टाकतो, की सुडौल देह मिरवण्याचा हा खेळ असल्यामुळेच त्याला हे नाव पडले असावे.

हा समज स्वाभाविक असला, तरी चुकीचा आहे. ‘फिगर स्केटिंग’मधील ‘फिगर’ खेळाडूच्या शरीराची नाही. ती बर्फाची आहे. धारदार पाते बर्फावरून सरकले, की मागे एक बारीक पांढरी रेघ उमटते. त्या रेघेने काढलेली आकृती म्हणजे ‘फिगर’. ती आकृती जास्तीत जास्त निर्दोष काढणे, हाच दीर्घकाळ या खेळाचा गाभा होता. आज जे दूरचित्रवाणीवर दिसते, त्या उड्या, गिरक्या आणि संगीत, तो या खेळाचा केवळ एक भाग होता आणि गुणांच्या हिशेबात तो दुय्यम होता.

ही आकृती निघते कशी, हे समजून घेण्यासाठी पात्याकडे जरा जवळून पाहावे लागते. बुटाखालचे पाते जेमतेम चार मिलिमीटर जाड असते. त्याचा तळ सपाट नसतो. लांबीच्या दिशेने त्यात एक उथळ पन्हळ कोरलेली असते. त्यामुळे एकाच पात्याला दोन कडा मिळतात, एक पायाच्या आतल्या बाजूची आणि दुसरी बाहेरच्या बाजूची. खेळाडूने शरीराचा भार किंचित बाहेर झुकवला, की बाहेरची कड बर्फात रुतते आणि पाते आपोआप त्या बाजूला वळत जाते. आत झुकवला, तर आतल्या कडेवरून उलट दिशेचे वळण मिळते. भार नेमका मध्ये राहिला, तर दोन्ही कडा टेकतात आणि एका रेघेऐवजी दोन समांतर रेघा उमटतात. आकृती काढताना हा मोठा दोष मानला जाई. या साऱ्या विद्येचा पाया तोल कोणत्या बाजूला किती द्यायचा, या एका प्रश्नावर उभा होता.

सर्वांत सोपी आणि सर्वांत प्रसिद्ध आकृती म्हणजे आठाचा आकडा. येथे मराठी वाचकाने देवनागरी आठ विसरून इंग्रजी आठ डोळ्यांसमोर आणला पाहिजे, कारण बर्फावर परस्परांना टेकलेली दोन पूर्ण वर्तुळे काढायची असतात. खेळाडू दोन्ही वर्तुळे जेथे मिळतात, त्या बिंदूवर उभा राहतो. तेथून पायाने एकदाच रेटा द्यायचा आणि त्या एका रेट्याच्या बळावर, एकाच पायावर, एकाच कडेवरून पूर्ण वर्तुळ फिरून पुन्हा त्याच बिंदूवर यायचे. मग दुसऱ्या पायावर दुसरे वर्तुळ. प्रत्येक वर्तुळाचा व्यास खेळाडूच्या उंचीच्या साधारण तिप्पट असावा, असा संकेत होता. एक मीटर साठ सेंटिमीटर उंचीच्या मुलीसाठी तो सुमारे पाच मीटर आणि परीघ सुमारे पंधरा मीटर होतो. एवढा फेरा पूर्ण झाल्यावर तीच आकृती पुन्हा दोनदा गिरवायची आणि तिन्ही वेळच्या रेघा एकमेकींवर अचूक बसल्या पाहिजेत. पाटीवर अक्षर गिरवणाऱ्या मुलाच्या हातात पेन्सिल तरी असते. येथे लिहिणारा स्वतःच्या सगळ्या शरीराला टोकदार करून त्यानेच लिहितो.

या शब्दाचे मूळ शोधत गेले, तर एक सुखद योगायोग हाती लागतो. इंग्रजी ‘फिगर’ हा फ्रेंचमार्गे लॅटिन ‘फिगुरा’ या शब्दावरून आला. ‘फिगुरा’चा संबंध ‘फिंगेरे’ या क्रियापदाशी आहे आणि त्याचा अर्थ घडवणे, मातीला आकार देणे. भाषाशास्त्रज्ञ या क्रियापदाच्या मुळाशी मळणे, लिंपणे, आकार देणे अशा अर्थाचा एक प्राचीन धातू मानतात. त्याच धातूची दुसरी शाखा संस्कृतात ‘दिह्’ या रूपाने आली आणि तिच्यातून ‘देह’ हा शब्द निघाला. देह म्हणजे लिंपून घडवलेला आकार. मळलेल्या कणकेला इंग्रजीत ‘डो’ म्हणतात, तोही याच कुळातला. म्हणजे मराठी माणूस ‘फिगर’ म्हणून देहाकडे बोट दाखवतो, तेव्हा नकळत तो शब्दाला त्याच्या दूरच्या आप्ताशीच भेटवत असतो. मात्र नाते खरे असले, तरी फिगर स्केटिंग या नावाचा अर्थ त्यावरून लावता येत नाही. तेथे शब्दाचा अर्थ घडवलेली रेघ एवढाच आहे.

‘स्केट’ या दुसऱ्या पदाचीही एक छोटी गंमत आहे. इंग्रजांनी तो डच भाषेतून घेतला. डच भाषेत ‘स्खात्स’ हे एकवचनच आहे. इंग्रजांच्या कानाला शेवटचा ‘स’ अनेकवचनाचा वाटला, म्हणून त्यांनी तो काढून टाकून ‘स्केट’ हे नवे एकवचन तयार केले. त्याही मागे जुन्या फ्रेंचमधील ज्या शब्दाशी त्याचे नाते जोडले जाते, त्याचा अर्थ पायाला बांधून चालण्याच्या उंच काठ्या असा होतो. आपल्याकडे बेंदराच्या सुमारास मुले खेळतात त्या गेड्या आठवल्या, की हा अर्थ लगेच उमगतो.

गोठलेल्या कालव्यांवरून गावोगाव जाणे ही डच लोकांची गरज होती. त्या गरजेला आकृतींचे शास्त्र जोडले ते प्रामुख्याने ब्रिटनमधील हौशी मंडळींनी. अठराव्या शतकात स्कॉटलंडमधील एडिनबरो येथे स्केटिंग करणाऱ्यांचा एक क्लब स्थापन झाला. त्यात प्रवेश मिळण्यासाठी परीक्षा द्यावी लागे. उमेदवाराने दोन्ही पायांवर, एकेका पायावर एकेक, पूर्ण वर्तुळ काढून दाखवायचे आणि मग बर्फावर ठेवलेली एक टोपी, नंतर दोन टोप्या, शेवटी तीन टोप्या उडी मारून ओलांडायच्या. वर्तुळ आणि उडी या दोन गोष्टी येथे प्रथम शेजारी उभ्या राहिल्या. पुढची दोन शतके त्यांच्यात कोणाला मोठा पाट द्यायचा, यावरच हा खेळ वाद घालत राहिला. १७७२ मध्ये रॉबर्ट जोन्स या लष्करी अधिकाऱ्याने लंडनमध्ये स्केटिंगवर पुस्तक प्रसिद्ध केले. या विषयावरचे ते इंग्रजीतील पहिले पुस्तक मानले जाते. पुढे एकोणिसाव्या शतकात इंग्रजी शैली अधिकच शिस्तबद्ध झाली. बर्फावर मध्यभागी एक संत्रे ठेवायचे आणि त्याच्याभोवती अनेकांनी मिळून, ताठ उभे राहून, हात शरीरालगत ठेवून, एकाच वेळी सममित आकृती काढायच्या, असा तो प्रकार होता. हातवारे करणे असभ्य समजले जाई.

याच्या अगदी उलट वाट अमेरिकेतील जॅक्सन हेन्स या नर्तकाने धरली. बॅले जाणणाऱ्या हेन्सने बर्फावर संगीत आणि नृत्य आणले. मायदेशात त्याचे फारसे कौतुक झाले नाही. १८६०च्या दशकात तो युरोपात गेला आणि वॉल्ट्झच्या सुरांवर जगणाऱ्या व्हिएन्नाने त्याला डोक्यावर घेतले. १८७५ मध्ये फिनलंडमध्ये त्याचा मृत्यू झाला, पण त्याची शैली मागे राहिली. आजचा प्रेक्षक ज्याला फिगर स्केटिंग म्हणतो, त्यात हेन्सचा वारसा जास्त आणि संत्र्याभोवती फिरणाऱ्या इंग्रज गृहस्थांचा कमी आहे. नाव मात्र त्या गृहस्थांच्या विद्येचे टिकले.

१८९२ मध्ये नेदरलँड्समध्ये आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटना स्थापन झाली आणि १८९६ मध्ये सेंट पीटर्सबर्ग येथे पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा भरली. स्पर्धेचे दोन भाग ठरले. पहिला सक्तीच्या आकृतींचा, दुसरा मुक्त सादरीकरणाचा. या सक्तीच्या आकृतींना ‘स्कूल फिगर्स’ असेही नाव होते, कारण शाळेतल्या कित्त्याप्रमाणे त्या ठरलेल्या असत. संघटनेच्या यादीत अशा ४१ आकृती होत्या आणि त्यांतील मोजक्या आकृती स्पर्धेसाठी निवडल्या जात. खेळाडूने आकृती पूर्ण केली, की परीक्षक स्वतः बर्फावर उतरत, वाकून रेघा न्याहाळत, वर्तुळ गोल आहे की अंडाकृती, तिन्ही फेरे एकमेकांवर पडले आहेत की फाकले आहेत, हे पाहत. टाळ्या नसत, संगीत नसे. पात्याची करकर ऐकू येईल इतकी शांतता असे.

या काळातील दोन घटना लक्षात ठेवण्याजोग्या आहेत. १९०२ मध्ये लंडनला भरलेल्या जागतिक स्पर्धेत मॅज सायर्स या इंग्रज महिलेने नाव नोंदवले. स्त्रियांनी खेळू नये, असा नियम कोणी केलेलाच नव्हता, कारण तशी वेळ येईल असे कोणाला वाटले नव्हते. सर्व पुरुषांत ती दुसरी आली; पहिला आला तो स्वीडनचा उल्रिक साल्को, ज्याने पुढे एकूण दहा जागतिक विजेतेपदे मिळवली. १९०८च्या लंडन ऑलिंपिकमध्ये स्त्रियांसाठी वेगळी स्पर्धा झाली आणि सायर्सने सुवर्णपदक जिंकले. त्याच ऑलिंपिकमध्ये ‘विशेष आकृती’ हा स्वतंत्र प्रकारही होता. स्पर्धकाने स्वतः रचलेली नक्षी बर्फावर उमटवायची. रशियाच्या निकोलाय पानिन याने ती स्पर्धा जिंकली. हा प्रकार ऑलिंपिकमध्ये पुन्हा कधीच झाला नाही.

आकृतींनी या खेळाला एक संपूर्ण शब्दसंग्रह दिला. पुढे जाणारा खेळाडू एकाच पायावर वळून मागे जाऊ लागतो, तेव्हा रेघेवर वळणाच्या जागी एक टोक उमटते आणि तिचा आकार इंग्रजी तीनच्या आकड्यासारखा दिसतो. म्हणून त्या वळणाचे नाव ‘थ्री’. देवनागरी तीनही येथे बऱ्याच अंशी चालून जाईल. टोक उलट बाजूला निघाले आणि रेघ महिरपी कंसासारखी दिसू लागली, की ते ‘ब्रॅकेट’. वळताना कडेच्या बाजूऐवजी वर्तुळच बदलले, तर ‘रॉकर’ किंवा ‘काउंटर’. मोठ्या वर्तुळाच्या आत काढलेला छोटा फास म्हणजे ‘लूप’. सरावाशी निगडित शब्दही होते. आकृतींच्या सरावासाठी बर्फाचे पट्टे पाडून प्रत्येकाला एकेक पट्टा दिला जाई, त्याला ‘पॅच’ म्हणत. वर्तुळ तपासण्यासाठी हातभर नव्हे, पुरुषभर लांबीचा कंपास असे, त्याला ‘स्क्राइब’ म्हणत. पॅच आणि स्क्राइब हे शब्द आता जुन्या प्रशिक्षकांच्या बोलण्यात उरले आहेत. थ्री, ब्रॅकेट, रॉकर आणि काउंटर मात्र जिवंत आहेत. आजच्या सादरीकरणातील पदन्यासाचे मूल्यमापन करताना परीक्षक हीच वळणे मोजतात.

या शब्दाच्या आयुष्यातला कसोटीचा क्षण १९७२ मध्ये आला. जपानमधील सापोरो येथे हिवाळी ऑलिंपिक भरले होते. ऑस्ट्रियाची बेआट्रिक्स शुबा ही आकृतींमध्ये अद्वितीय होती. तिची वर्तुळे जाणकारांना थक्क करीत. त्या भागात तिने एवढी आघाडी घेतली, की मुक्त सादरीकरणात ती सातवी आली, तरी सुवर्णपदक तिलाच मिळाले. मुक्त सादरीकरणात पहिली आलेली अमेरिकेची जॅनेट लिन एकूण क्रमवारीत तिसरी राहिली. दूरचित्रवाणीच्या प्रेक्षकांना हा निकाल कळेना. त्यांनी लिनचे सादरीकरण पाहिले होते, शुबाचेही पाहिले होते. ज्यात शुबा जिंकली होती, तो भाग मात्र त्यांना कधी दाखवलाच गेला नव्हता. बर्फावरची बारीक रेघ कॅमेऱ्यात उमटत नव्हती आणि तासन्‌तास चालणारा तो शांत भाग दाखवण्यात कोणाला रसही नव्हता.

अन्याय कोणावर झाला, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाही. लिनच्या बाजूने बोलणाऱ्यांचे म्हणणे रास्त होते. लोक ज्यासाठी हा खेळ पाहतात, त्यात जी श्रेष्ठ, तिने मागे राहावे, हे विचित्र होते. पण शुबाने कोणताही नियम मोडला नव्हता किंवा कोणाची मर्जी राखली नव्हती. खेळाच्या नावात जी गोष्ट होती, तीच तिने इतरांपेक्षा चांगली केली होती. तिच्याकडे जे होते, ते पाहण्याची सवय जगाला उरली नव्हती, एवढेच. तिच्या पदकापेक्षा हा तपशील अधिक बोलका आहे.

आकृतींचे महत्त्व त्याआधीच घटू लागले होते. एके काळी एकूण गुणांत त्यांचा वाटा ६० टक्के होता. १९६८ मध्ये तो ५० टक्क्यांवर आला. १९७३ मध्ये ठरावीक घटकांचा एक छोटा कार्यक्रम नव्याने सुरू झाला आणि आकृतींकडे ४० टक्के राहिले; पुढे ३० आणि अखेरीस त्याहूनही कमी. १९८८ मध्ये त्या पूर्णपणे वगळण्याचा निर्णय झाला. मार्च १९९० मध्ये कॅनडातील हॅलिफॅक्स येथे भरलेल्या जागतिक स्पर्धेत त्या शेवटच्या वेळी काढल्या गेल्या. नावात ‘फिगर’ असलेल्या खेळातून फिगर निघून गेली आणि नाव तसेच राहिले.

या निर्णयामागची कारणे केवळ दिखाऊ नव्हती, हेही लक्षात घेतले पाहिजे. आकृतींच्या सरावासाठी रोज कित्येक तास लागत आणि बर्फाचे भाडे महाग होते. ज्या कुटुंबांना ते परवडत नव्हते, त्यांच्या मुलांना उत्तम उड्या मारता येत असूनही वर जाता येत नसे. शिवाय रेघेची पारख परीक्षकांपुरती मर्यादित असल्याने त्यांच्या निवाड्यावर प्रेक्षकांची नजर राहू शकत नव्हती. दुसऱ्या बाजूला जाणत्या प्रशिक्षकांची खंतही खोटी नाही. कडेवरचा ताबा, घाई न करण्याची सवय आणि कोणी पाहत नसताना अचूक राहण्याचे वळण आकृतींच्या सरावातून मिळत असे. आता ते वेगळे शिकवावे लागते, आणि उड्यांच्या शर्यतीत त्याला वेळ उरतोच असे नाही.

इतर भाषांनी या खेळाला काय नाव दिले, हे पाहिले म्हणजे इंग्रजी नावाचे वेगळेपण ठसते. जर्मन भाषेत तो ‘आइसकुन्स्टलाउफ’, म्हणजे बर्फावरील कलात्मक धाव. फ्रेंचमध्ये ‘पातिनाज आर्तिस्तिक’, म्हणजे कलात्मक स्केटिंग. डच आणि स्वीडिश नावांतही कलेचाच शब्द आहे. चिनी नावात नक्षीची कल्पना येते. रशियनने मात्र ‘फिगुर्नोये कतानिये’ म्हणून आकृती कायम ठेवली आहे. ज्यांनी नावात कला ठेवली, त्यांना १९९० नंतर काही अडचण आली नाही. इंग्रजी आणि रशियन नावे मात्र आता अशा गोष्टीची आठवण वाहत आहेत, जी त्या खेळाच्या मैदानावर दिसत नाही.

तरीही आकृती सर्वस्वी नाहीशी झालेली नाही. २०१५ पासून अमेरिकेतील लेक प्लॅसिड येथे केवळ आकृतींची स्पर्धा सुरू झाली आणि रेघ सर्वांना दिसावी म्हणून तेथे काळ्या रंगाचा बर्फ तयार करण्यात आला. चाकांवरच्या कलात्मक स्केटिंगमध्येही ‘फिगर्स’ हा स्वतंत्र प्रकार आहे. तेथे फरशीवर वर्तुळे आधीच रंगवलेली असतात आणि खेळाडूने चाक त्या रेघेवरून ढळू द्यायचे नसते. भारतातील रोलर स्केटिंगच्या स्पर्धांतही हा प्रकार आहे. महाराष्ट्रात एखाद्या संकुलाच्या फरशीवर एकमेकांना टेकलेली वर्तुळे रंगवलेली दिसली आणि एखादी मुलगी एका पायावर सावकाश त्यांवरून फिरताना आढळली, तर ती खेळाचा कंटाळवाणा पूर्वाभ्यास करीत नसून मूळ खेळच खेळत असते.

मराठीत हे नाव वापरताना एवढे भान पुरे आहे. ‘फिगर स्केटिंग’ हा रूढ शब्द बदलण्याची गरज नाही. पण त्याचा अर्थ सांगण्याची वेळ आली, तर ‘आकृती काढत केलेले स्केटिंग’ असा सांगावा. विशेषतः घरातल्या मुलीने विचारले, तर हा अर्थ तिला जरूर सांगावा. ज्या वयात आरसा आणि मैत्रिणींचे शेरे ‘फिगर’ या शब्दाने तिला आधीच घेरतात, त्या वयात या शब्दाचा आणखी एक अर्थ आहे, हे तिला कळणे चांगले. या अर्थात अंगकाठी मोजली जात नाही. पाऊल कोठून निघाले, किती तोलाने फिरले आणि पुन्हा त्याच बिंदूवर आले की नाही, एवढेच पाहिले जाते.